पडदा नाही, रिटेक नाही

२२ ऑगस्ट १९५३ च्या रात्री लंडनच्या वेस्टमिन्स्टर ॲबेमध्ये एक राक्षस वाढत होता. अंतराळातून परतलेल्या एका माणसाचं शरीर बदलत बदलत अर्धं वनस्पती, अर्धं प्राणी झालेलं, आणि ते आता त्या जुन्या चर्चच्या भिंतींवर पसरलेलं. बीबीसीवरच्या ‘द क्वाटरमास एक्सपरिमेंट’ या सहा भागांच्या मालिकेचा हा शेवटचा भाग होता. तो राक्षस म्हणजे मालिकेचे लेखक नायजेल नील यांचे स्वतःचे दोन हात होते. नील आणि त्यांची होणारी पत्नी ज्यूडिथ कर यांनी मिळून हातमोज्यांवर पालापाचोळा चिकटवला होता. ॲबेच्या आतल्या एका कोपऱ्याचा फोटो मोठा करून त्याला भोकं पाडली, भोकांतून हातमोजे घातलेले हात बाहेर काढले आणि समोर कॅमेरा लावला. अलेक्झांड्रा पॅलेसच्या स्टुडिओत ही करामत चालू होती त्याच क्षणी ती घराघरांत दिसत होती. नील यांना शिंक आली असती तर राक्षसही हादरला असता.

हे वाचून हसू येतं, पण त्या रात्री हसण्याची परवानगी स्टुडिओत कुणालाच नव्हती. दूरचित्रवाणीची पहिली वीस-पंचवीस वर्षं नाटक म्हणजे थेट नाटक. चित्र साठवून ठेवण्याची सोय जवळजवळ नव्हतीच. नट बोलला की ते वाक्य हवेत गेलं, आणि गेलं ते गेलं. रंगभूमीवर अंक संपला की पडदा पडतो, नटाला घाम पुसायला आणि कपडे बदलायला उसंत मिळते. सिनेमात चूक झाली तर रिटेक घेता येतो. टीव्हीच्या नाटकाला रंगभूमीचा सलगपणा सांभाळायचा होता आणि सिनेमासारखी जवळून, लांबून, बाजूने घेतलेली दृश्यंही दाखवायची होती. दोन्ही कलांच्या अडचणी वाट्याला आल्या आणि सवलत मात्र एकीचीही मिळाली नाही.

सुरुवातीला तर चित्र म्हणावं असंही काही दिसत नव्हतं. ११ सप्टेंबर १९२८ रोजी अमेरिकेत स्केनेक्टडी इथे जनरल इलेक्ट्रिक कंपनीने ‘द क्वीन्स मेसेंजर’ ही एकांकिका प्रक्षेपित केली. पात्रं दोनच, तरी नट चार लागले. कॅमेऱ्याच्या चौकटीत एका वेळी एका माणसाचं डोकं कसंबसं मावत होतं. त्यामुळे दोन कॅमेरे दोन नटांच्या चेहऱ्यांसमोर ठेवले आणि तिसऱ्या कॅमेऱ्यासमोर दुसरेच दोन जण बसवले. पेला उचलणं, पिस्तूल पुढे करणं ही हातांची कामं त्यांच्याकडे. चेहरा एकाचा आणि हात दुसऱ्याचा.

दोन वर्षांनी, १४ जुलै १९३० रोजी, लंडनमध्ये जॉन लोगी बेअर्ड यांच्या लाँग एकरवरच्या स्टुडिओतून बीबीसीने पिरांदेल्लो यांचं ‘द मॅन विथ द फ्लॉवर इन हिज माउथ’ हे छोटं नाटक दाखवलं. निवड हुशारीची होती: पात्रं तीन, हालचाल जवळजवळ नाही, एका कॅफेत बसून चाललेलं बोलणं. चित्र केवळ ३० रेषांचं. नट काळोखात बसत आणि प्रकाशाचा एक झोत त्यांच्या चेहऱ्यावरून झरझर फिरत राही. एका वेळी एकच चेहरा दिसणार, म्हणजे एक नट उठून दुसरा त्या जागी येईपर्यंत मधल्या वेळात प्रेक्षकाला दाखवायचं काय? त्यावर उपाय म्हणून चौकटी-चौकटींचा एक फळा केला. नट बदलायचा क्षण आला की जॉर्ज इन्स नावाचा तरुण सहायक तो फळा हाताने सरकवत चेहऱ्यासमोर आणायचा. मागे नटांची अदलाबदल झाली की फळा बाजूला. पुढे जगभरच्या स्टुडिओंत बटण दाबून चित्र बदलणारी यंत्रं आली, त्यांचा हा पूर्वज लाकडी होता.

२ नोव्हेंबर १९३६ रोजी अलेक्झांड्रा पॅलेसमधून बीबीसीची नियमित सेवा सुरू झाली तेव्हा मार्कोनी-ईएमआयच्या ४०५ रेषांच्या पद्धतीमुळे माणूस माणसासारखा दिसू लागला होता. पण स्टुडिओची जागा साधारण सत्तर फूट लांब आणि तीस फूट रुंद. तेवढ्यात दिवाणखाना, रस्ता, तुरुंग, बाग, जे काय कथेत असेल ते सगळं आधीच उभं करून ठेवायचं, कारण मध्ये थांबून नेपथ्य बदलायला पडदाच नव्हता. एमिट्रॉन नावाचा तो कॅमेरा चालवणाऱ्याला दृश्य दिसायचं तेही उलटं, डोकं खाली आणि पाय वर. नट उजवीकडे निघाला की त्याच्यामागे कॅमेरा वळवायचा, हे उलट्या चित्राकडे पाहत करायचं. शिवाय या कॅमेऱ्यांना उजेड हवा असायचा तो भरमसाट. दिव्यांखाली रंगभूषा वितळायची, आणि नटाच्या कपाळावरचा घाम प्रसंगाला शोभत असो वा नसो, दिसायचाच. पांढराशुभ्र शर्ट घालायला बंदी, कारण पांढऱ्या रंगाने चित्र भगभगायचं. सभ्य गृहस्थाचा शर्ट म्हणून फिकट रंगात बुडवलेला शर्ट चाले. पडद्यावर तो पांढराच दिसायचा.

तशाही स्थितीत ११ नोव्हेंबर १९३७ ला, पहिल्या महायुद्धाच्या शस्त्रसंधीच्या स्मृतिदिनी, जॉर्ज मोर ओ’फेरल यांनी आर. सी. शेरिफ यांचं ‘जर्नीज एंड’ हे खंदकातल्या सैनिकांचं नाटक उभं केलं. युद्धभूमी स्टुडिओत कुठून आणणार? तिथे पाब्स्ट यांच्या ‘वेस्टफ्रंट १९१८’ या जर्मन चित्रपटातली दृश्यं वापरली. फिल्मचा हा तुकडा मध्येच घालण्याची युक्ती पुढे फार कामाला आली, तिच्याकडे परत येऊ. दुसऱ्या महायुद्धाच्या तोंडावर सेवा बंद पडली आणि जून १९४६ मध्ये पुन्हा सुरू झाली तेव्हा बरीचशी तीच माणसं, तोच स्टुडिओ आणि तेच कॅमेरे होते.

थेट नाटक नेमकं चालायचं कसं, हे समजायला एक साधा प्रसंग घेऊ. काल्पनिक आहे, पण असे प्रसंग प्रत्येक संहितेत डझनांनी असत. नायिका शयनगृहात नवऱ्याशी भांडते आणि रागाने निघून जाते. पुढचं दृश्य रस्त्यावर, पावसात भिजलेल्या नायिकेचं. वाचकाला यात अडचण दिसणार नाही. दिग्दर्शकाला मात्र पहिल्याच वाचनात घाम फुटतो. शयनगृह स्टुडिओच्या या टोकाला आणि रस्ता त्या टोकाला. नायिकेने दारातून बाहेर पडायचं, पाय न वाजवता नेपथ्याच्या मागून धावायचं, धावता धावताच कुणीतरी तिच्या अंगात रेनकोट घालायचा, केसांवर पाणी मारायचं, आणि धाप लागलेली दिसू न देता तिने दिव्याच्या खांबाखाली उभं राहायचं. याला निदान अर्धं मिनिट हवं. तोवर प्रेक्षक काय पाहणार? मग लेखकाला निरोप जातो: नवऱ्याला एक फोन येऊ दे. नवरा फोनवर बोलतो, सिगारेट पेटवतो, खिडकीपाशी जातो. घरी बसलेल्यांना तो त्याच्या मनातली घालमेल वाटते. खरं तर तो बायकोला पोचायला वेळ देत असतो.

धावायचं होतं ते नायिकेलाच नव्हे. दोन कॅमेरे शयनगृहात असतील तर त्यातला एक आधीच गुपचूप रस्त्याकडे निघालेला असायला हवा. कॅमेरा दाव्याला बांधलेल्या बैलासारखा, त्याच्या जाड केबलच्या टप्प्यातच फिरणार. एकाची केबल दुसऱ्याच्या वाटेत आली की दोघेही अडकले. म्हणून कुठला कॅमेरा कुठल्या बाजूने जाणार आणि कुणी कुणाला ओलांडायचं नाही, हे जमिनीच्या नकाशावर आखून ठेवावं लागे. झूम भिंगाची चैन नव्हती. युद्धानंतरच्या कॅमेऱ्यांवर चार भिंगांची फिरती चकती आली, पण ती फिरवताना चित्र गरगरायचं, म्हणून कॅमेरा प्रक्षेपणात असताना भिंग बदलता येत नसे. भिंग बदलायला दुसऱ्या कॅमेऱ्याच्या चित्राची आड घ्यायची. माईकचा लांब दांडा नटांच्या डोक्यावर फिरत असे. तो खाली आला तर चौकटीत दिसणार, वर गेला तर आवाज जाणार आणि दिव्याच्या आड आला तर भिंतीवर त्याची सावली नाचणार. स्टुडिओतली सगळी माणसं मऊ तळव्यांचे बूट घालून वावरत.

वर काचेमागच्या कंट्रोल रूममध्ये दिग्दर्शकासमोर प्रत्येक कॅमेऱ्याचा एक छोटा पडदा. शेजारी बसलेली सहायक शॉटचे आकडे मोठ्याने म्हणत जाते: शॉट सत्तेचाळीस, कॅमेरा दोन, पुढचा कॅमेरा एक. कॅमेऱ्यांना अडकवलेल्या यादीवर प्रत्येक कॅमेरामन आपला पुढचा शॉट पाहतो, कानातल्या फोनवर हुकूम ऐकतो. खाली फ्लोअर मॅनेजर हातवारे करतो. दोन्ही हात ताणून लांब केले म्हणजे सावकाश घ्या, वेळ उरलाय. बोट गरगर फिरवलं म्हणजे आटपा. घड्याळाची दहशत अमेरिकेत जास्त होती, कारण तिथे जाहिराती ठरल्या सेकंदाला लागायलाच हव्यात. संहितेच्या समासात मिनिटं-सेकंद लिहिलेले असत. शेवटून मागे मोजत यायचं आणि आपण पुढे आहोत की मागे ते ठरवायचं. नटाने भावनेच्या भरात दोन जास्तीचे उसासे टाकले तर त्याची किंमत शेवटच्या प्रसंगातल्या दोन वाक्यांना चुकवावी लागे.

नट वाक्य विसरला तर? आपल्याकडे विंगेतल्या प्रॉम्प्टरचा आवाज पहिल्या रांगेपर्यंत जातो आणि प्रेक्षक तो उदार मनाने ऐकून न ऐकल्यासारखा करतात. टीव्हीच्या माईकने तो घरोघर पोचवला असता. बीबीसीत त्यासाठी प्रॉम्प्टरच्या हाती एक कळ दिलेली असे. ती दाबली की प्रक्षेपणातला आवाज क्षणभर बंद. तेवढ्यात वाक्य सांगायचं आणि कळ सोडायची. प्रेक्षकांना वाटे, यंत्रात काही बिघाड झाला. नटाची चूक अभियंत्याच्या नावावर खपून जायची, आणि अभियंत्यांना ते फारसं आवडत असेल असं वाटत नाही.

तालमी या सगळ्याचा खरा आधार. स्टुडिओ महाग आणि मोजके, त्यामुळे ब्रिटनमध्ये तालमी चालत त्या चर्चच्या सभागृहांत किंवा कवायतीच्या हॉलमध्ये. जमिनीवर चिकटपट्ट्यांनी भिंती आणि दारं आखायची आणि दोन-तीन आठवडे त्या नसलेल्या दारांतून ये-जा करायची. खऱ्या नेपथ्यात, खऱ्या कॅमेऱ्यांसमोर नट उभा राहायचा तो शेवटचे एक-दोन दिवस. रंगीत तालीम संपली की लगेच, त्याच संध्याकाळी प्रक्षेपण. रंगभूमीवरच्या नाटकाला पहिल्या प्रयोगानंतर सुधारायला जागा असते, विनोद कुठे बसतो ते दहाव्या प्रयोगाला कळतं. इथे पहिला प्रयोग हाच बहुधा शेवटचा, फार तर आणखी एक.

या काळाविषयी लिहिणारे बहुतेक जण फजित्यांचे किस्से सांगतात. तेही खरेच आहेत. १९५४ मध्ये अमेरिकेतल्या ‘क्लायमॅक्स!’ या मालिकेत रेमंड चँडलर यांच्या ‘द लाँग गुडबाय’च्या वेळी प्रेत झालेला नट, आपण आता चौकटीत नाही असं समजून उठला आणि चालू लागला. देशभराने ते पाहिलं. मला मात्र या किश्शांपेक्षा जे बिनबोभाट पार पडलं त्याचं नवल जास्त वाटतं. २८ मार्च १९५६ ला न्यूयॉर्कमध्ये ‘क्राफ्ट टेलिव्हिजन थिएटर’ने टायटॅनिकच्या बुडण्यावरचं ‘अ नाइट टु रिमेंबर’ थेट सादर केलं. दिग्दर्शक जॉर्ज रॉय हिल. १०७ नट, ३१ सेट, ७ कॅमेरे आणि एका तासाचा खेळ. स्टुडिओत खरोखरचं पाणी सोडलं होतं, आणि त्याच जमिनीवरून विजेच्या केबल ओढत कॅमेरे फिरत होते. जहाज वेळापत्रकाप्रमाणे बुडालं. प्रेक्षकांना ते इतकं आवडलं की सव्वा महिन्याने त्याची फिल्मवर उतरवलेली नोंद पुन्हा दाखवून ते आणखी एकदा बुडवलं.

अर्थात टायटॅनिक हा अपवाद. ज्या स्टुडिओत भिंती जवळ, माणसं जवळ आणि कॅमेराही जवळ, तिथे लेखकाने काय लिहावं? चार भिंतींतलं. घोडदौड नको, गर्दी नको, वर्षं उलटलेली दाखवणं नको, कारण नटाला म्हातारं करायला वेळ नाही. बारा-चौदा इंचांच्या पडद्यावर रणांगण मुंग्यांचं दिसतं, पण माणसाचा चेहरा जवळजवळ खऱ्या मापाचा दिसतो. न्यूयॉर्कच्या लेखकांच्या एका पिढीने हे फार लवकर ओळखलं. पॅडी चायेफ्स्की यांचं ‘मार्टी’ २४ मे १९५३ रोजी एनबीसीवर झालं. निर्माते फ्रेड को, दिग्दर्शक डेल्बर्ट मान. ब्राँक्समधला एक जाडजूड, लग्न न जमलेला खाटीक. शनिवारी संध्याकाळी काय करायचं हा त्याच्यापुढचा प्रश्न आणि नाचाच्या हॉलमध्ये भेटलेली तितकीच एकटी शिक्षिका. एवढंच कथानक. रॉड स्टायगर यांच्या चेहऱ्यावर कॅमेरा थांबला की आणखी काही लागत नव्हतं. दोन वर्षांनी त्याचा सिनेमा झाला आणि सर्वोत्कृष्ट चित्रपटाच्या पुरस्कारासह चार ऑस्कर घेऊन गेला.

रेजिनाल्ड रोझ यांचं ‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’ तर अडचणीचं सोनं करण्याचा नमुना आहे. २० सप्टेंबर १९५४, सीबीएसची ‘स्टुडिओ वन’ मालिका, दिग्दर्शक फ्रँकलिन शाफ्नर. एक खोली, एक टेबल, बारा ज्युरर. नटांना धावावं लागत नाही, कपडे बदलावे लागत नाहीत, आणि कथेतला वेळ घड्याळातल्या वेळेबरोबरच चालतो. थेट प्रक्षेपणासाठी याहून सोयीची रचना सुचणार नाही. पण अडचण दुसऱ्या बाजूने आली: टेबलाभोवती बारा माणसं गोल बसलेली, चारही भिंती दिसणार, मग कॅमेरे ठेवायचे कुठे? अशा वेळी नेपथ्याच्या भिंती सुट्या करतात. ज्या बाजूचा चेहरा हवा त्याच्या समोरची भिंत सरकवायची, तिथून कॅमेरा डोकावणार, आणि दुसऱ्या कॅमेऱ्यात ती बाजू दिसायच्या आत भिंत पुन्हा जागेवर. हे सगळं आवाज न करता. हेच नाटक १९५७ मध्ये सिडनी लुमेट यांनी पडद्यावर आणलं. लुमेटही थेट टीव्हीतच तयार झालेले. आपल्या ओळखीचा ‘एक रुका हुआ फैसला’ हा बासू चटर्जींचा १९८६ चा चित्रपट याच खोलीचा वंशज. तो पाहताना पंख्याखाली घामाघूम बसलेले ते बारा जण मूळचे एका टीव्ही स्टुडिओच्या जागेच्या टंचाईतून जन्मले, हे सहसा कुणाच्या लक्षात येत नाही.

लेखकांना एक पथ्य जाहिरातदारांचंही पाळावं लागे. अमेरिकेत नाटकाचे पैसे ते देत, त्यामुळे संहितेवर त्यांचा डोळा असे. १६ एप्रिल १९५९ ला ‘प्लेहाउस ९०’ मध्ये नाझी अत्याचारांच्या खटल्यावरचं ‘जजमेंट ॲट न्यूरेम्बर्ग’ झालं. प्रायोजकांत गॅस कंपन्यांची संघटना होती. छळछावण्यांतल्या गॅस चेंबरचा उल्लेख आला की नटाचे ओठ हलत, पण ‘गॅस’ हा शब्द ऐकू येत नसे. तेवढा आवाज बंद केलेला.

३० नोव्हेंबर १९५८ ची रात्र मात्र किश्शांत मोडत नाही. मँचेस्टरजवळच्या डिड्सबरी स्टुडिओतून एबीसी कंपनीची ‘आर्मचेअर थिएटर’ मालिका चालू होती. नाटक ‘अंडरग्राउंड’: अणुस्फोटानंतर लंडनच्या भुयारी रेल्वेत अडकलेल्या माणसांची गोष्ट. निर्माते सिडनी न्यूमन, दिग्दर्शक टेड कोचेफ. गॅरेथ जोन्स हा तेहतीस वर्षांचा नट आपला एक प्रसंग आटपून बाहेर आला, पुढच्या प्रसंगाआधी रंगभूषा ठीक करून घेत असताना कोसळला आणि गेला. हृदयविकाराचा झटका. इकडे त्याचे सहकलाकार ढिगाऱ्यात उभे राहून त्याच्या एंट्रीची वाट पाहत होते. तो येत नाही हे दिसल्यावर त्यांनी त्याची वाक्यं आपापसांत वाटून घेतली, काही जागच्या जागी रचली. कंट्रोल रूममध्ये कोचेफ यांनी आखलेले शॉट सोडून दिले आणि जो बोलेल त्याच्याकडे कॅमेरे वळवले. जाहिरातींच्या विश्रांतीत उरलेल्या नाटकाची फेरजुळणी झाली. प्रयोग शेवटापर्यंत गेला, आणि घरी बसलेल्या प्रेक्षकांना काही कळलं नाही. आपल्याकडे घरात दुःखद घटना घडूनही प्रयोग केलेल्या नटांच्या हकिगती आदराने सांगतात. तिथे निदान प्रयोग रद्द करण्याचा पर्याय असतो. थेट प्रक्षेपणाच्या मध्यावर तोही नव्हता.

आता फिल्मच्या तुकड्यांकडे. रुडॉल्फ कार्टियर हे दिग्दर्शक बीबीसीत आले ते सिनेमाचा अनुभव घेऊन, आणि स्टुडिओच्या चार भिंती त्यांना मान्यच नव्हत्या. ‘क्वाटरमास’ त्यांचीच. १२ डिसेंबर १९५४ च्या रविवारी त्यांनी ऑर्वेलच्या ‘नाइन्टीन एटी-फोर’चं नील यांनी केलेलं रूपांतर लाइम ग्रोव्ह स्टुडिओतून सादर केलं. नायक पीटर कुशिंग. यात आधी चित्रित केलेले चौदा फिल्मचे तुकडे होते. काही बाहेरची दृश्यं बीबीसीच्या नव्या टेलिव्हिजन सेंटरचं बांधकाम चालू होतं त्या जागेवर घेतली होती. फिल्म चालू असते तेवढ्या अर्ध्या-एक मिनिटात स्टुडिओत कुशिंग कपडे बदलत, रंगभूषा बदलत, पुढच्या सेटवर जाऊन बसत. म्हणजे लेखकाने फोन आणायची गरज संपली, कथा हवी तिकडे जाऊ लागली. संगीत मात्र थेटच. शेजारच्या स्टुडिओत वाद्यवृंद बसलेला आणि संगीतकार जॉन हॉचकिस पडद्यावर नाटक पाहत त्याचं संचालन करत. फिल्म संपून स्टुडिओ सुरू होतो तो सांधा, नटाचं वाक्य आणि व्हायोलिनची सुरुवात, तिन्ही एका सेकंदात जुळायला हवं.

छळाच्या आणि उंदरांच्या दृश्यांवरून गदारोळ उठला, पार्लमेंटमध्ये ठराव मांडले गेले. गंमत अशी की तक्रारकर्ते ज्या पुनःप्रक्षेपणाला विरोध करत होते ते पुनःप्रक्षेपण नव्हतंच. त्या काळी बीबीसीवर रविवारचं नाटक गुरुवारी पुन्हा दाखवत, म्हणजे सगळे नट पुन्हा येत, वाद्यवृंद पुन्हा बसे आणि नाटक पुन्हा नव्याने होई. १६ डिसेंबरचा तो दुसरा प्रयोग सुमारे ७० लाख लोकांनी पाहिला. आज आपण पाहू शकतो ते ‘नाइन्टीन एटी-फोर’ गुरुवारचं आहे. ज्याने वादळ उठवलं ते रविवारचं कुणी नोंदवलंच नाही.

गुरुवारचं नोंदवलं ते कसं? टीव्हीच्या पडद्यासमोर फिल्मचा कॅमेरा लावून. ब्रिटनमध्ये त्याला टेलिरेकॉर्डिंग म्हणत, अमेरिकेत किनेस्कोप. अमेरिकेत त्याची गरज वेगळी होती: न्यूयॉर्कमध्ये रात्रीचे नऊ वाजतात तेव्हा लॉस एंजेलिसमध्ये संध्याकाळचे सहाच वाजलेले असतात. पूर्वेचं नाटक पडद्यावरून फिल्मवर उतरवायचं, ती घाईघाईने धुवायची आणि तीन तासांनी पश्चिमेला दाखवायची. चित्र धुरकट, कडा मऊ, राखाडी रंगाच्या सगळ्या छटा एक झालेल्या. ‘क्वाटरमास’च्या दुसऱ्या भागाच्या नोंदीत तर पडद्यावर बसलेला एक किडा दिसतो. ते दोन भाग पाहून बीबीसीने उरलेले चार नोंदवण्याचा नाद सोडला, म्हणून नील यांच्या हातमोज्यांचा तो राक्षस आता फक्त वर्णनात आहे.

एप्रिल १९५६ मध्ये शिकागोला ॲम्पेक्स कंपनीने व्हिडिओटेपचं यंत्र दाखवलं आणि ३० नोव्हेंबरला सीबीएसने ते बातम्यांसाठी वापरलंही. यानंतर थेट नाटक लगेच संपायला हवं होतं. तसं झालं नाही, कारण टेप नोंदवता येत होती, कापता मात्र सहजी येत नव्हती. दोन इंच रुंदीच्या त्या पट्टीवर डोळ्यांना काहीच दिसत नाही. लोखंडाची बारीक पूड मिसळलेलं द्रावण लावायचं, उमटलेल्या रेषा सूक्ष्मदर्शकातून पाहायच्या आणि नेमक्या दोन चित्रांच्या मधल्या जागी ब्लेडने काप द्यायचा. केसभर चुकलं की चित्र उडी मारतं. शिवाय कापलेली महागडी टेप पुन्हा वापरायला नको वाटे. त्यामुळे दिग्दर्शकांना संकलनाची मुभा मोजूनमापून मिळे आणि टेपवरची नाटकंही थेट असल्यासारखीच, सलग नोंदली जात. ९ डिसेंबर १९६० ला ग्रॅनाडा कंपनीची ‘कोरोनेशन स्ट्रीट’ ही मालिका सुरू झाली ती थेट. १९६३ च्या ‘डॉक्टर हू’ या बीबीसीच्या मालिकेत नायक विल्यम हार्टनेल वाक्यात अडखळतात आणि सावरून पुढे जातात, ते तसंच राहिलेलं आहे. एवढ्यासाठी कोण थांबवणार?

दिल्लीत सप्टेंबर १९५९ मध्ये प्रायोगिक दूरचित्रवाणी सुरू झाली तेव्हा जगात ही सगळी सरमिसळ चालू होती. त्या सुरुवातीच्या दिवसांत तिथे निर्माता म्हणून काम केलेल्यांत पु. ल. देशपांडे होते: नाटक, सिनेमा आणि आकाशवाणी तिन्ही ठिकाणी मुरलेला माणूस, म्हणजे या धंद्याला हवा होता तसाच. मुंबईत दूरदर्शन आलं ते २ ऑक्टोबर १९७२ ला. तोवर थेट नाटकांचं युग न्यूयॉर्क-लंडनमध्ये मागे पडलं होतं.

टेपचा मोठा गुण म्हणजे ती पुसून पुन्हा वापरता येते, आणि साठच्या-सत्तरच्या दशकांत बीबीसीने हा गुण मनापासून वापरला. ‘डॉक्टर हू’च्या सुरुवातीच्या वर्षांच्या मूळ टेपा पुसल्या गेल्या. जे भाग वाचले ते परदेशी केंद्रांना विकण्यासाठी पडद्यासमोर कॅमेरा लावून काढलेल्या फिल्मच्या प्रतींमुळे, म्हणजे सगळ्यांनी नाकं मुरडलेल्या त्याच जुन्या पद्धतीमुळे. ‘ट्वेल्व्ह अँग्री मेन’च्या १९५४ च्या प्रयोगाचाही बरीच वर्षं पहिला अर्धाच भाग उपलब्ध होता. पूर्ण किनेस्कोप २००३ मध्ये न्यूयॉर्कचे दिवंगत वकील आणि न्यायाधीश सॅम्युअल लीबोविट्झ यांच्या संग्रहात सापडला.